स्मोक्तुनोव्स्कीची मधली वर्षं

प्रश्न : मी सांगली जिल्ह्यातल्या एका गावातला. बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला आहे. कॉलेजतर्फे तीन एकांकिका केल्यात. मध्यंतरी १९६४ चा रशियन ‘हॅम्लेट’ पाहिला आणि दोन रात्री झोप लागली नाही. त्यातला नट इनोकेन्ती स्मोक्तुनोव्स्की कुठल्याच मोठ्या नाट्यशाळेत शिकलेला नव्हता, असं वाचलं. मग मी तरी पदवीत वर्षं का घालवू? कॉलेज सोडून मुंबईला जायचं ठरवलंय. बाबा बोलायचे बंद झालेत.

प्रिय मित्रा,

एखाद्या नटाचं काम बघून झोप उडावी, हे सगळ्यांच्या वाट्याला येत नाही. ते जपून ठेव.

तू वाचलंस ते खरं आहे. १९४५ साली क्रास्नोयार्स्कच्या थिएटरला जोडलेल्या स्टुडिओत तो थोडे दिवस शिकला. त्याचं रीतसर शिक्षण जवळजवळ तेवढंच. पण १९४५ ते १९६४ मधली वर्षं तुझ्या पत्रात कुठेच नाहीत, आणि मला तुझ्याशी त्याच वर्षांबद्दल बोलायचंय.

हा १९२५ चा, सायबेरियातल्या एका खेड्यातला. दुसऱ्या महायुद्धात कोवळ्या वयात आघाडीवर गेला, कुर्स्कच्या लढाईत होता. १९४३ च्या अखेरीस जर्मनांच्या हाती सापडला, निसटला, आणि एका युक्रेनी कुटुंबाने त्याला घरात लपवलं. युद्धकैदी होऊन परतलेल्या माणसाकडे तेव्हा सोव्हिएत देशात संशयानेच बघायचे. म्हणून १९४६ मध्ये तो पार उत्तर ध्रुववृत्तापलीकडच्या नोरिल्स्कला गेला. ते शहरच कैद्यांच्या श्रमांवर उभं राहिलेलं. त्याहून लांब त्याला आणखी कुठे पाठवणार, असा हिशोब. तिथल्या थिएटरात राजकीय शिक्षा भोगलेले नट होते. त्यांच्यासोबत तो वर्षानुवर्षं उभा राहिला. जीवनसत्त्वांच्या अभावाने तब्येत ढासळली तेव्हा दक्षिणेला मखाचकलाला गेला, नंतर स्तालिनग्राडला. १९५५ ला मॉस्कोत आला तर तिथल्या थिएटरांना तो नको होता. तिशीचा माणूस, गर्दीतली कामं करत होता.

मोज बरं, मॉस्कोला येईपर्यंत किती वर्षं झाली. आणि ती नुसती वाट बघण्यात गेली नाहीत. तालीम, प्रयोग, पुन्हा नवी संहिता. त्याचं कॉलेज ते होतं.

पुढचा भाग मी विद्यार्थ्यांना नेहमी सांगतो. १९५६ च्या ‘सोल्जर्स’ या युद्धपटात त्याने लेफ्टनंट फार्बरची भूमिका केली. लेनिनग्राडच्या बोल्शोय ड्रामा थिएटरचे दिग्दर्शक गिओर्गी तोवस्तोनोगोव यांच्या लक्षात त्याचे डोळे राहिले, आणि दस्तयेवस्कीच्या ‘इडियट’मधल्या प्रिन्स मिश्किनसाठी त्यांनी त्याला बोलावलं. तालमी मात्र जमेनात. मिश्किन हाताला लागेना. एक दिवस लेनफिल्म स्टुडिओत, माणसांच्या गडबडीत, एक जण नुसता उभा राहून पुस्तक वाचत होता. आजूबाजूचं त्याला काही नव्हतं. तो बराच काळ कैद्यांच्या छावणीत काढून आलेला होता, हे मागाहून कळलं. त्या उभं राहण्यात मिश्किन सापडला, असं स्मोक्तुनोव्स्कीने पुढे सांगितलं. ३१ डिसेंबर १९५७ ला पहिला प्रयोग झाला आणि बत्तिसाव्या वर्षी त्याचं नाव झालं.

असा माणूस तुला-मलाही बसस्टँडवर दिसेल. पण तो दिसल्यावर पाठीचा कणा, मान, आवाजाची पट्टी त्याप्रमाणे वळवता येणं, हे हातात असावं लागतं. ते नोरिल्स्कने दिलं होतं, असं मी मानतो.

आता तुझं. सोव्हिएत काळात लहान शहरांतही सरकारी थिएटरं होती, नटाला महिन्याचा पगार होता. आपल्याकडे व्यावसायिक नाटकात नाइट मिळते. प्रयोग लागला तर पैसे, नाही तर नाही. मुंबईत खोलीचं भाडं मात्र दर महिन्याला लागतं. नवी मुलं ऑडिशनच्या रांगेत थकतात त्याचं कारण बहुतेक वेळा हेच असतं, गुण कमी पडले असं नाही. म्हणून कॉलेज सोडू नकोस. दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात प्रवेशाला पदवी लागते, आणि नाटकांतल्या सहभागाचा अनुभवही मागतात. नेमकी अट त्यांच्या माहितीपत्रकात बघून घे. पुणे विद्यापीठाच्या ललित कला केंद्राचाही विचार कर, तिथेही नाटक शिकवतात.

आणि सांगली सोडायची एवढी घाई का? १८४३ मध्ये विष्णुदास भाव्यांनी ‘सीतास्वयंवर’ तिथेच उभं केलं. राज्य नाट्य स्पर्धेत उतरणारी एखादी हौशी संस्था शोध, नसेल काम तर प्रकाशयोजनेच्या मदतीला बस, पण तालमीला रोज जा.

बाबांना ‘मी नट होणार’ असं सांगू नकोस. ते बऱ्याचदा ऐकलं असेल त्यांनी. पदवी पूर्ण करतो, तोवर नाटक सोडणार नाही, आणि नंतर दोन वर्षं प्रवेशासाठी द्या, असं तारखा घालून कागदावर लिहून त्यांच्यासमोर ठेव. बोलणं बंद झालेल्या बापालाही कागद वाचता येतो.

तीन एकांकिका झाल्यात म्हणतोस. त्यांचे मिळून प्रयोग किती झाले? पुढच्या पत्रात तो आकडा आधी लिही.

तुझा,
मार्गदर्शक