आधी कागदाचा प्रवास विचारा

अमेरिकेच्या सुरुवातीच्या इतिहासाकडे नव्याने वळताय, तर एक सवय पहिल्या दिवसापासून लावून घ्या. घटना वाचण्याआधी ती नोंद आपल्यापर्यंत कशी पोचली, ते शोधा.

आजच्या मॅसॅच्युसेट्समधल्या प्लिमथ या इंग्रज वसाहतीचे गव्हर्नर विल्यम ब्रॅडफर्ड यांनी हाताने लिहिलेली हकिगतच घ्या. ती बोस्टनच्या ओल्ड साउथ चर्चमधल्या संग्रहात होती. स्वातंत्र्ययुद्धाच्या धामधुमीत नाहीशी झाली आणि १८५० च्या दशकात सापडली ती थेट लंडनच्या बिशपांच्या ग्रंथालयात! १८५६ मध्ये पूर्ण छापली गेली. मूळ वही १८९७ मध्ये मॅसॅच्युसेट्सला परतली. ‘मेफ्लॉवर’ जहाजातून येऊन ही वसाहत वसवणाऱ्या प्रवाशांविषयीचा इतका मोलाचा दस्तऐवज हातचा गेलाच होता, हे आठवलं की अजूनही धस्स होतं.

तारखा जपून वाचा. १७५२ पर्यंत इंग्रजांच्या वसाहतींत जुनं कॅलेंडर होतं आणि वर्ष २५ मार्चला बदलायचं. जॉर्ज वॉशिंग्टन यांचा जन्म म्हणूनच ११ फेब्रुवारी १७३१ असाही दिसतो आणि २२ फेब्रुवारी १७३२ असाही. दोन्ही बरोबर आहेत; पहिली तारीख जुन्या कॅलेंडरची, दुसरी आजच्या.

आणि कृपा करून कागदापाशीच थांबू नका. हौडेनोसौनी, म्हणजे इरोक्वा या नावानेही ओळखल्या जाणाऱ्या तिथल्या मूळनिवासी राष्ट्रांच्या संघातल्या लोकांनी आपले करार शंखशिंपल्यांच्या जांभळ्या-पांढऱ्या मण्यांच्या पट्ट्यांत, म्हणजे वॅम्पममध्ये जपले. पट्टा हातात धरून जाणता माणूस तो करार बोलून दाखवतो. न्यूयॉर्क राज्याच्या संग्रहालयाने १९८९ मध्ये असे १२ पट्टे त्यांच्यातल्याच ओनोंडागा लोकांना परत केले. माझ्या लेखी तेही दप्तरच आहे.