वाचकांचे प्रश्न : अग्निबाण टाक्या का टाकतो?

ट्रॉलर आठ-दहा दिवसांचं डिझेल भरून निघतो आणि तीच टाकी रिकामी घेऊन बंदरात परततो. मग अग्निबाणाला टाक्या समुद्रात टाकायची गरज का पडते? एकच मोठी टाकी का बांधत नाहीत? (हर्णै)

ट्रॉलरला पाणी तोलून धरतं, त्यामुळे रिकाम्या टाकीचं ओझं तांडेलला जाणवतही नाही. अग्निबाणाला मात्र अंगावरच्या प्रत्येक किलोचा वेग स्वतःच वाढवावा लागतो. पृथ्वीजवळच्या कक्षेत टिकायला सेकंदाला सुमारे 7.8 किलोमीटर वेग लागतो. गुरुत्वाकर्षणाशी आणि हवेशी झगडण्यात जाणारा वाटा धरला तर हिशेब 9.4 च्या घरात जातो.

आता इस्रोच्या पीएसएलव्ही या अग्निबाणाचा पहिला टप्पा, म्हणजे सर्वात खालची टाकी आणि तिचं इंजिन, घ्या. त्यात सुमारे 138 टन घन इंधन असतं आणि रिकाम्या टप्प्याचं वजन सुमारे 30 टन. भरलेलं भागिले रिकामं, म्हणजे 168 भागिले 30, म्हणजे 5.6. त्याचा नैसर्गिक लॉगॅरिथम 1.72. त्याला नोझलमधून, म्हणजे मागच्या तोंडातून, निघणाऱ्या वायूच्या वेगाने, म्हणजे साधारण 2.6 ने गुणा. उत्तर येतं 4.5 किलोमीटर प्रतिसेकंद. हे त्सिओल्कोव्हस्कीचं 1903 मधलं सूत्र. म्हणजे डोक्यावर उपग्रह सोडाच, साधा नारळही न ठेवता हा टप्पा निम्म्या वाटेवर थांबतो.

टाकी दहापट मोठी केली तर? इंधन दहापट होईल, पण ते पेलणारं कवचही जवळपास दहापट जड होईल. भागाकार तोच, वेगही तोच. गोम इथेच आहे. म्हणून जळून गेलेलं 30 टनांचं धूड सोडून द्यायचं आणि उरलेल्या हलक्या भागाने नव्याने भागाकार सुरू करायचा. असे चार टप्पे झाले की 320 टनांच्या पीएसएलव्हीमधून सुमारे 1,750 किलोचा उपग्रह 600 किलोमीटरच्या ध्रुवीय (दोन्ही ध्रुवांवरून जाणाऱ्या) कक्षेत पोहोचतो.

टप्पे एकमेकांपासून सुटतात कसे? नुसते बोल्ट काढून? (दापोली)

बोल्ट स्फोटाने तोडतात, किंवा जोडाच्या कड्याभोवती बसवलेली स्फोटकाची पट्टी धातू कापते. अवघड भाग त्यानंतरचा. घन इंधनाची मोटर एकदम विझत नाही, शेवटी थोडा जोर रेंगाळतो. रिकामा टप्पा त्या जोरावर पुढच्याला मागून धडकू शकतो. म्हणून त्याच्या अंगावर उलट दिशेने जळणारे छोटे रॉकेट बसवतात, ते त्याला मागे खेचतात. दुसरी अडचण द्रव इंधनाची. जोर थांबला की इंधन टाकीत तरंगू लागतं आणि पंपाच्या तोंडाशी वायूचा बुडबुडा आला तर इंजिन बिघडतं. त्यासाठी आधी छोट्या रॉकेटने पुढे ढकलून इंधन तळाशी बसवतात, मगच इंजिन पेटवतात.

धक्का किती महागात पडतो, याचं उदाहरण 7 ऑगस्ट 2022 चं. एसएसएलव्ही या इस्रोच्या छोट्या अग्निबाणाच्या पहिल्या उड्डाणात दुसरा टप्पा सुटताना जी कंपनं झाली, त्यांनी वेगवाढ मोजणारे संवेदक क्षणभर गोंधळले. संगणकाने ते नादुरुस्त ठरवले आणि आणीबाणीच्या पद्धतीने उड्डाण पुढे नेलं. 356 किलोमीटरच्या वर्तुळाकार कक्षेऐवजी 356 बाय 76 ची, म्हणजे एका टोकाला जमिनीपासून फक्त 76 किलोमीटरवर येणारी कक्षा मिळाली. 76 किलोमीटरवर हवा लागतेच, उपग्रह टिकले नाहीत. इंजिनांचा दोष नव्हता. सुटण्याची यंत्रणा बदलली आणि फेब्रुवारी 2023 मध्ये दुसरं उड्डाण साधलं.

क्रायोजेनिक (अतिथंड द्रव इंधनावर चालणारं) इंजिन इतकं चांगलं, तर ते सर्वात वरच का? (गुहागर)

वरच्या टप्प्यात वाचवलेला एक किलो म्हणजे उपग्रहाला थेट एक किलो. तळाच्या टप्प्यात तेवढ्याच फायद्यासाठी कितीतरी किलो वाचवावे लागतात. शिवाय या इंजिनाचं इंधन, उणे 253 अंशांचा द्रव हायड्रोजन, फार हलका, घनमीटरला जेमतेम 70 किलो. त्याच्या टाक्या अवाढव्य होतात. तळाशी आधी हवा तो दांडगा जोर, आणि तो घन इंधन स्वस्तात देतं.

केरळमधलं थुंबा आपल्यासारखंच अरबी समुद्राच्या काठावर आहे, तिथून 1963 पासून रॉकेट उडतात. मग उपग्रह सोडायला कोकण किनारा का नको? (देवगड)

थुंब्याची रॉकेट वर जाऊन खाली येतात. 200 किलोमीटर उंची गाठायला सेकंदाला सुमारे 2 किलोमीटर वेग पुरतो. कक्षेला जवळपास चौपट लागतो, तोही आडवा, आणि आडवं जायचं तर पूर्वेला. पृथ्वीच्या फिरण्यामुळे रत्नागिरीच्या अक्षांशावर सेकंदाला सुमारे 445 मीटर वेग फुकट मिळतो. पश्चिमेला सोडलं तर तो मिळत नाहीच, उलट तेवढाच भरून काढावा लागतो. फरक 890 मीटरचा. इस्राएल पूर्वेकडच्या शेजाऱ्यांमुळे हा तोटा सोसून भूमध्य समुद्रावरून सोडतं.

पूर्वेला सोडलं तर? पहिला टप्पा काहीशे किलोमीटरवर पडतो. इथे ते अंतर म्हणजे सांगली, सोलापूर, विजयपूर. श्रीहरिकोट्याच्या पूर्वेला बंगालचा उपसागर मोकळा आहे. दक्षिणेला ध्रुवीय कक्षेसाठी वाट आहे असं वाटतं, पण नकाशा काढून पट्टी ठेवा : देवगडच्या खाली जवळपास सरळ रेषेत लक्षद्वीप आणि मालदीव येतात. श्रीहरिकोट्यालाही श्रीलंका चुकवायला वळसा घ्यावा लागतो. त्यात छोट्या एसएसएलव्हीचं नुकसान जास्त, म्हणून तमिळनाडूत कुलशेखरपट्टणमला नवं प्रक्षेपण केंद्र उभं राहत आहे.

जाळ्यात किंवा पुळणीवर अग्निबाणाचा तुकडा सापडला तर? (वेंगुर्ला)

बहुतेक वेळा तो बोया किंवा फायबरच्या होडीचा भाग निघतो. तरी अशक्य नाही : जुलै 2023 मध्ये पश्चिम ऑस्ट्रेलियात ग्रीन हेडच्या किनाऱ्यावर पीएसएलव्हीच्या तिसऱ्या टप्प्याचं नळकांडं लागलं होतं. गोल टाकी, व्हॉल्व्ह किंवा वायरींचा गुच्छ दिसला तर हात लावू नका, भंगारासाठी गॅस कटर तर अजिबात नको. टाकीत दाब असू शकतो, न फुटलेलं स्फोटक असू शकतं. लालसर तपकिरी वाफ किंवा मासळी कुजल्यासारखा तीव्र वास आला तर वाऱ्याच्या वरच्या अंगाला जा, कारण हायड्रॅझिन वर्गातलं इंधन आणि नायट्रोजन टेट्रॉक्साइड दोन्ही विषारी आहेत. लांबून फोटो काढा आणि 112 वर कळवा. होडीवर असाल तर तटरक्षक दलाचा 1554. जाळ्यात अडकलं असेल तर ओढून होडीत घेऊ नका, जाळं कापा.