फिरायला गेलं तरी डोक्यात हप्ताच

"मॅडम, दोघं कमावतो, व्यसन नाही काही नाही, तरी पैशावरून सारखी किरकिर, बाहेर गेलो तरी मजा येत नाही, आमचंच असं होतं का?" हे मला समुपदेशनात इतकेजण विचारतात की त्यातली एक केस सांगते, ओळख पटेल असं सगळं बदलून.

डोंबिवलीचं जोडपं, एक मुलगी. व्याजदर खाली होते तेव्हा होमलोन घेतलं आणि मे 2022 ते फेब्रुवारी 2023 मधे रेपो रेट (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने कर्ज देते तो, तो वाढला की असं होमलोनही महागतं) 4 टक्क्यांवरून साडेसहावर गेला. 30 लाख, 20 वर्षं धरा, 7 टक्क्यांना हप्ता साधारण 23 हजार, 9 ला 27. म्हणजे शनिवार-रविवारची हौसमौज बंद. तो गुडघा दुखतो सांगून मित्रांचे ट्रेक टाळायला लागला, काशीदला शहाळंवाल्यासमोरच मोठ्याने हिशोब करायला लागला. बायकोला खरं लागलं ते वेगळंच, हॉटेलात मुलगी मेनूकार्डात आधी किंमत बघते आणि मग म्हणते मला भूक नाहीये.

मी बजेटचा कागद काढलाच नाही. झोपताना मोबाईलवर काय बघता असं त्याला विचारलं, तर म्हणे बँकेचं ॲप. कशासाठी? गप्प. पुढच्या एका सेशनला कळलं, बहिणीच्या लग्नाचा खर्च क्रेडिट कार्डावर केलेला आणि हा दर महिन्याला फक्त मिनिमम ड्यू, म्हणजे बिलातली कमीत कमी भरावीच लागणारी रक्कम, भरतोय. कार्डाचं व्याज वर्षाला 36-40 टक्क्यांच्या घरात, मुद्दल हलणार कुठून! बायको कर्जावरून नाही चिडली. "दिवाळीत सुट्टी मिळत नाही म्हणालास ती हीच का रे?"

बांगड्या ठेवून गोल्ड लोन काढायचं तिनेच सुचवलं, व्याज कितीतरी कमी, कार्ड मिटलं. माझ्याकडून एवढंच, की हप्ता कटला की त्या रात्री मुलगी झोपल्यावर अर्धा तास हिशोब, एरवी पैशाचा विषय नाही, आणि दोघांना थोडे पैसे असे की दुसऱ्याने विचारायचंच नाही. मित्रांना त्याने सरळ सांगितलं बजेट नाहीये, तर अजून दोघांचं तेच निघालं (पुरुष हे एकमेकांना का सांगत नाहीत देव जाणे), मग लोकलने नेरळला उतरून पेब किल्ला.

2025 मधे दर उतरले. अशावेळी बऱ्याच बँका हप्ता तोच ठेवून मुदत कमी करतात, म्हणून म्हटलं जाऊन विचारा. आता त्याला हप्ता कमी हवाय, तिला मुदत. भांडतायत, पण महिन्यातून एकदाच.