‘फीत’ कुठली? मूकपटाची की वेणीची?

प्रश्न असा आलाय की ‘सावकारी पाश या मूकपटाची फीत आज उपलब्ध नाही’ असं वाक्य वाचनात आलं, तर फीत हा संस्कृत शब्द आहे का, आणि चित्रपट नि चित्रफीत एकच का?

संस्कृत अजिबात नाही हो, आपल्याच गोव्याच्या वाटेने आलेला पोर्तुगीज शब्द आहे, मूळ ‘फिता’ म्हणजे रिबिन. चावी, पगार, घमेलं आले तसाच हाही आला. आमच्या आजीच्या पेटीत एक तांबडी फीत होती, शाळेत जाताना वेणीला बांधायची ती, सिनेमाची पण फीत असते हे मला फार उशिरा कळलं. पोर्तुगीजमध्ये हा शब्द स्त्रीलिंगी आणि मराठीतही ‘ती फीत’च, हिंदीवाल्यांनी शेवटचा आ ठेवला म्हणून त्यांचा फीता पुल्लिंगी झाला. फितुरीशी मात्र काही नातं नाही, ती अरबीतून आली. (गोव्यातल्या आसगावचे पाद्री मोन्सेन्योर दालगाद यांनी आशियाई भाषांतल्या पोर्तुगीज शब्दांचा मोठा कोश केला, तो 1913 चा, म्हणजे ‘राजा हरिश्चंद्र’ लागला तेच साल. मला उगाचच याची गंमत वाटते.)

आता सिनेमाला फीत का, तर ती दिसतेच तशी. 35 मिलिमीटर रुंद, म्हणजे दीड इंचाला जरा कमी, वेणीच्या रिबिनीएवढीच की. एका फुटात 16 चित्रं, आणि मूकपटाच्या काळात हाताने हँडल फिरवत सेकंदाला साधारण तेवढीच जायची, म्हणजे हजार फुटांचं एक रीळ सोळा-सतरा मिनिटं चालायचं, आणि आजची पोरं अर्ध्या मिनिटाला रील म्हणतात!

मग फरक काय? ‘पट’ म्हणजे कापड, त्यावर दिसतं ते चित्रपट, आणि यंत्रातून सरकते ती फीत. दिग्दर्शक बाबूराव पेंटरांचा ‘सावकारी पाश’ 1925 चा, शेतकरी कुटुंबाची जमीन सावकार गिळतो आणि तरुण मुलगा शहरात गिरणीत जातो, हा मुलगा म्हणजे व्ही. शांताराम. अंधारातली झोपडी आणि तिच्यापुढे रडणारं कुत्रं, हे दृश्य पाहिलेल्यांनी पुढे लिहून ठेवलं म्हणून आपल्याला ठाऊक, एक शब्द न बोलता घरावरची अवकळा दाखवली त्या माणसाने. म्हणजे चित्रपट आठवणीत उरला, फीत गेली. तेव्हाची फीत नायट्रेटची, भसकन पेट घेणारी, शिवाय त्यातली चांदी काढायला लोक जुनी रिळं विकून टाकायचे. त्यामुळे वरच्या वाक्यात ‘फीत’ अगदी बरोबर बसलाय, मी तरी त्याजागी ‘प्रत’ लिहिणार नाही. बोलपट म्हणून पेंटरांनी हीच गोष्ट 1936 मध्ये पुन्हा केली, ती वेगळी, दोघांची गल्लत करू नका.

अजून एक गंमत, पोर्तुगीजमध्ये फिता म्हणजे बोलीत सिनेमाही, आणि ‘फिता करणं’ म्हणजे उगाच रडारड, थयथयाट करणं. हे शेपूट मराठीत आलंच नाही, आपल्याकडे पोरगं भोकाड पसरलं की आई म्हणते ‘नाटकं पुरे’. गोव्यात तर म्हणणारच, जत्रेला नाटक नसलेला गाव दाखवा.

लिहिताना एवढं बघा, एक असेल तर फीत, दीर्घ. अनेकवचनात फिती, फितीत, फितीवर, सगळीकडे ऱ्हस्व. इफ्फीच्या, म्हणजे गोव्यातल्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाच्या दिवसांत पणजीभर लागणाऱ्या बोर्डांवर ‘फीती’ दिसलं की माझा हात शिवशिवतो. आणि मोबाइलवरच्या व्हिडिओला चित्रफीत म्हणायला काही हरकत नाही, त्यात फीत नसली म्हणून काय झालं, फोन कापताना तरी आता कोण काय कापतो.