एफटी-८१७ हा हौशी रेडिओ सेट लॅपटॉपला जोडून एफटी८ (संगणकाच्या मदतीने चालणारी डिजिटल संदेशपद्धत) वापरण्यासाठी इंटरफेस (दोहोंमधला जोडणीसंच) घरी बनवता येईल का? थेट तार जोडल्यावर घरघर येते आणि पीटीटी (प्रेषण सुरू करणारा स्विच) अडकून राहतो.

घरी नक्कीच बनवता येईल. आपण कराडला राहता, माइकच्या सॉकेटला हेडफोनची तार थेट जोडली आहे आणि तयार इंटरफेसची किंमत परवडत नाही, एवढे प्रश्नासोबतच्या तपशिलात लिहिले आहे. त्यावरून मला सांगलीत बसून असे वाटते की दोष सेटचा नसून दोन्ही उपकरणांच्या ग्राउंडचा आहे. लॅपटॉपचा चार्जर आणि रेडिओचा वीजपुरवठा ऑडिओ तारेच्या आवरणातून एकमेकांशी जोडले जातात, त्या वाटेने ५० हर्ट्झची घरघर आत शिरते आणि प्रेषणाच्या वेळी अँटेनाकडून परतणारी रेडिओ ऊर्जाही त्याच वाटेने पीटीटीला गोंधळात टाकते.

म्हणून येणारा आवाज, जाणारा आवाज आणि पीटीटी या तिन्ही वाटांवर दोन्ही बाजूंचा विद्युतसंबंध तोडावा लागतो. आवाजाच्या दोन्ही वाटांवर ६०० ओहमचा एकास एक ट्रान्सफॉर्मर लावावा. जुने डायल-अप मोडेम भंगारवाल्याकडे मिळाले तर त्यांतून तो काढून घेता येतो, नाहीतर पुण्याच्या बुधवार पेठेत शोधावा. लॅपटॉपच्या चार कड्यांच्या जॅकऐवजी स्वतंत्र माइक आणि हेडफोन सॉकेट असलेले साधे यूएसबी साउंड कार्ड घ्यावे, असे माझे मत आहे, कारण लॅपटॉपच्या सूचनांचे आवाज मूळ कार्डावर राहतात आणि ते प्रसारित होण्याची भीती उरत नाही. कार्डाच्या माइक सॉकेटवर थोडा डीसी दाब असतो, म्हणून तेथे ट्रान्सफॉर्मरच्या आधी एक मायक्रोफॅराडचा कपॅसिटर मालिकेत जोडावा.

आपल्या सेटच्या मागे सहा पिनांचे डेटा सॉकेट आहे, तेव्हा माइकचा नाद सोडून तेच वापरावे. त्यात १२०० बॉडच्या पिनवर मिळणारा आवाज व्हॉल्यूमच्या नॉबवर अवलंबून नसतो, डेटा-इन पिनला सुमारे ४० मिलिव्होल्ट (शिखर ते शिखर) पुरतात आणि पीटीटीची पिनही तेथेच असते. साउंड कार्डातून मात्र एक व्होल्टच्या आसपास संकेत येऊ शकतो, म्हणून १० किलोओहमचा रोध मालिकेत आणि त्यापुढे ग्राउंडकडे एक किलोओहमचा रोध अशी विभागणी करावी. ती ट्रान्सफॉर्मरनंतर, रेडिओच्या बाजूला ठेवली की वाटेत मिसळलेली घरघरही तेवढ्याच प्रमाणात घटते. उरलेले बारीक समायोजन संगणकाच्या आवाजपट्टीवर होते.

पीटीटीसाठी पीसी८१७ हा ऑप्टोकपलर (तारेऐवजी प्रकाशाने संकेत पोचवणारा भाग) पुरेसा आहे. यूएसबी-सिरियल तारेच्या आरटीएस वाहिनीतून (संगणक चालू-बंद करू शकतो अशी नियंत्रणाची तार) एक किलोओहमच्या रोधामार्गे त्यातील एलईडी पेटवावी, आणि तारेच्या टोकाला खरे आरएस-२३२ असेल तर एलईडीला समांतर पण उलट दिशेने १एन४१४८ डायोड लावावा, कारण तेथे उणे व्होल्टेजही येते. व्हॉक्स (आवाज येताच आपोआप प्रेषण सुरू करणारी सोय) वापरूनही काम भागते, परंतु कोणताही अनपेक्षित आवाज प्रेषण सुरू करू शकतो, म्हणून मी ती पद्धत सुचवत नाही.

खरी फसगत पुढे होते. ट्रान्सफॉर्मर आणि ऑप्टोकपलर व्यवस्थित लावूनही दोन्ही बाजूंचे सॉकेट एकाच धातूच्या पेटीला कसले की ग्राउंड पुन्हा जुळतात. कॅट तार (संगणकावरून सेटची वारंवारिता बदलण्यासाठीची) लावली तरी तेच होते. एफटी८ चे काम ७.०७४ मेगाहर्ट्झसारख्या एका ठरावीक वारंवारितेवर तासन्‌तास चालते, त्यामुळे सुरुवातीला कॅटची गरज नसते. पुढे ती हवीच असेल, तर एडीयूएम३१६० चिप असलेला यूएसबी आयसोलेटर (यूएसबीच्या वाटेवर विद्युतसंबंध तोडणारे उपकरण) लावून त्यामागे हबवर साउंड कार्ड आणि कॅट तार दोन्ही जोडावीत. मग वरचे ट्रान्सफॉर्मरही लागत नाहीत.

प्रेषणाचा सूर १५०० ते २००० हर्ट्झमध्ये ठेवावा, सेटचा मीटर एएलसीवर (प्रेषणाची पातळी आपोआप आवरणाऱ्या मंडलाच्या वाचनावर) आणावा आणि तो हलणार नाही इतपतच पातळी वाढवावी. प्रत्येक फेरीत सुमारे १२.६ सेकंद अखंड प्रेषण होते, म्हणून सेट तापत असल्यास शक्ती कमी करावी. घरघर गेली पण पीटीटी अजूनही अडकत असेल, तर इंटरफेसच्या तारा फेराइट कड्यावरून सात-आठ वेढे देऊन आणाव्यात. संगणक सुरू होताना आरटीएस क्षणभर चालू होऊ शकते, म्हणून विंडोज पूर्ण उघडल्यावरच रेडिओ चालू करावा.