समुद्रात लोह टाकून हवेतला कार्बन खाली बसवता येतो का?

तुम्ही विचारलंय, समुद्रात लोह टाकलं तर हवेतला कार्बन कायमचा कमी होईल का. लोहाने प्लवक, म्हणजे कार्बन शोषून घेणाऱ्या समुद्रातल्या तरंगत्या सूक्ष्म वनस्पती, वाढतं, यात आता शंका नाही. वाढून ते जातं कुठे, हा खरा मुद्दा. त्यासाठी लोहाफेक्सचा प्रयोग नीट पाहावा.

गोव्याची राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था आणि जर्मनीची आल्फ्रेड वेगेनर संस्था यांनी तो २००९ च्या सुरुवातीला दक्षिण अटलांटिकमध्ये केला. पोलारस्टर्न जहाजावरून सुमारे ३०० चौरस किलोमीटर पाण्यात फेरस सल्फेट सोडलं. उसावर केवडा पडला, म्हणजे लोहाअभावी पानं पिवळी पडली, की देतात तेच हे हिराकस. जागा म्हणून मुद्दाम भोवरा निवडला होता, कारण त्यातलं पाणी स्वतःभोवती फिरत राहतं आणि लोह दिलेला पट्टा लवकर विखरत नाही. मात्रा दोनदा द्यावी लागली, कारण समुद्राच्या पाण्यात लोह गंजतं आणि त्याचे कण होऊन खाली जातात.

पहिल्या दोन आठवड्यांत प्लवक दुपटीच्या आसपास गेलं. मग कोपेपॉड या बारीक कवचधारी प्राण्यांनी ते फस्त केलं, आणि त्यांना अँफिपॉड या त्यांच्याहून मोठ्या कवचधारी प्राण्यांनी खाल्लं. दुसऱ्या मात्रेनंतर वाढ झालीच नाही. खोलवर फारच थोडा कार्बन पोचला. कारण होतं सिलिकेचा, म्हणजे वाळूतल्या मुख्य घटकाचा, तुटवडा. डायटम या एकपेशीय प्लवकाला कवच बांधायला ती लागते, आणि त्या पाण्यातली सिलिका आधीच्या नैसर्गिक बहरात संपली होती. डायटम नाहीत म्हणजे जड, झपाट्याने बुडणारे पुंजके नाहीत. याच जहाजावरून २००४ मध्ये केलेल्या आयफेक्स या तशाच प्रयोगात सिलिका भरपूर होती; तिथे बहराचा निदान अर्धा भाग १००० मीटरच्या खाली गेला.

म्हणून ‘इतके टन लोह म्हणजे इतके टन कार्बन’ असा हिशेब मांडून कोणी कार्बन क्रेडिट (कार्बन कमी केल्याचं विकता येणारं प्रमाणपत्र) विकत असेल, तर माझ्या मते तो हिशेब चूक आहे. त्याला आधी दोन गोष्टी विचारा: पाण्यात सिलिका किती होती, आणि १००० मीटरखाली मोजणी किती दिवस केली?

धोकेही आहेत. बुडालेलं प्लवक कुजताना खोल पाण्यातला ऑक्सिजन घटतो आणि नायट्रस ऑक्साइड तयार होऊ शकतो. तो कार्बन डायऑक्साइडपेक्षा हवा सुमारे २७० पट जास्त तापवतो. काही डायटम डोमोइक आम्ल हे विष बनवतात. मला सगळ्यात गंभीर वाटतो तो वेगळाच धोका: दक्षिणेकडच्या समुद्रात प्लवकाने वापरून टाकलेली नायट्रेट आणि फॉस्फेट ही पोषक द्रव्यं प्रवाहाबरोबर उष्ण कटिबंधातल्या मासेमारीच्या पाण्यापर्यंत पोचत नाहीत. ही तूट अनेक वर्षांनी, हजारो किलोमीटर दूर दिसेल, आणि तिथल्या मच्छीमाराला ती कुणामुळे आली हे सिद्ध करता येणार नाही.