सावलीतलं सामान : वाचकांचे प्रश्न, आमची उत्तरं

लपतछपत खेळायच्या गेमवर, म्हणजे आपण सगळे ज्यांना स्टेल्थ गेम म्हणतो त्यांच्यावर, या महिन्यात बरीच पत्रं आली. बहुतेकांचं दुखणं एकच निघालं: सामान राखून ठेवायचं की वापरायचं, आणि पिशवीत नेमकं काय न्यायचं. पत्रं सोलापुरातून जास्त आली, म्हणून आधी सोलापूरकरांची उत्तरं.

प्रश्न : ‘थीफ’चे जुने दोन भाग (१९९८ आणि २०००) खेळतोय. मिशन संपताना माझ्याकडे आठ-दहा वॉटर ॲरो (मशाली विझवणारे पाण्याचे बाण) उरलेले असतात, पुढच्या मिशनला ते गायब. गेममध्ये बिघाड आहे का?
— एक वाचक, जुळे सोलापूर

बिघाड नाही, नियमच तसा आहे. या दोन भागांत एका मिशनचं उरलेलं सामान पुढच्या मिशनला येत नाही. मागच्या मिशनमध्ये चोरलेल्या मालाचे पैसे फक्त पुढच्या मिशनआधीच्या खरेदीत वापरता येतात, आणि तिथे न खर्चलेले पैसेही बुडतात. त्यामुळे खरेदीच्या पडद्यावर एक पैसाही शिल्लक ठेवू नका, आणि मिशनच्या शेवटच्या भागात हात आखडू नका. २००४ साली आलेल्या तिसऱ्या भागात हा हिशेब बदलला. तिथे सामान आणि पैसे पुढे येतात, म्हणून तिथे जपून वापरणं ठीक.

आता घ्यायचं काय? वॉटर ॲरो आगीच्या उजेडावरच चालतो, म्हणजे मशाल आणि शेकोटीवर. दुसऱ्या भागात बऱ्याच ठिकाणी विजेचे दिवे आहेत आणि पाण्याने ते विझत नाहीत. तिथे जवळपास बटण आहे का ते शोधायचं. वॉटर ॲरो वाया जाण्याचं मुख्य कारण म्हणजे दिसेल ती मशाल विझवत सुटणं. तुम्ही उजेडात किती दिसता ते दाखवणाऱ्या, पडद्याच्या तळाशी असलेल्या मण्याकडे लक्ष ठेवा. ज्या मशालीमुळे तो तुमच्या वाटेवर उजळतो, तेवढी एकच विझवा.

मॉस ॲरो लोक विकत घेतात आणि विसरून जातात, याचं खरंच वाईट वाटतं. लोखंडी जाळीवर किंवा फरशीवर पाऊल वाजतं. मॉस ॲरो मारला की तिथे हिरव्या शेवाळाची गादी पसरते आणि तेवढ्या जागेत आवाज येत नाही. गार्डच्या पाठीमागची शेवटची चार पावलं फरशीवरची असतील, तर बाण त्याच चार पावलांसाठी ठेवा, अख्ख्या व्हरांड्यासाठी नको. रोप ॲरो लाकडात रुततो, दगडात नाही. वर चढून गेल्यावर तो उपटून परत घेता येतो, त्यामुळे एक-दोन पुरतात. चालते मुडदे असतात त्या मिशनमध्ये होली वॉटर (पवित्र पाणी) वॉटर ॲरोवर शिंपडलं की बाण त्यांच्यावर चालतात, पण परिणाम थोडाच वेळ टिकतो. मुडदा समोर येऊन उभा राहीपर्यंत कुपी उघडू नका.

प्रश्न : ‘मेटल गिअर सॉलिड ५’ (२०१५) मध्ये ऐन वेळी सप्रेसर संपतो. आणि आता जवळजवळ प्रत्येक गार्डच्या डोक्यावर हेल्मेट आहे. सुरुवातीला असं नव्हतं. मी काय चुकतोय?
— एक विद्यार्थी, विजापूर रोड

तुमच्या दोन्ही तक्रारींचं मूळ एकच आहे, तुम्ही एकाच पद्धतीने खेळताय.

आधी सप्रेसर, म्हणजे बंदुकीचा आवाज दाबणारी नळी. तो प्रत्येक गोळीगणिक झिजतो. संपला की पुढची गोळी अख्ख्या ठाण्याला जागं करते. चूक होते ती अशी, की आपली नजर मॅगझिनमधल्या गोळ्यांवर असते आणि सप्रेसर किती उरलाय याकडे लक्ष नसतं. गोळ्या ढीगभर आणि सप्रेसर संपलेला, अशा अवस्थेत आपण ठाण्याच्या मध्यावर उभे असतो. ठाण्यात शिरण्याआधी तो बघायची सवय लावा. अर्ध्याखाली आला असेल तर आयड्रॉइडवरून (गेममधलं हातातलं यंत्र) सप्लाय ड्रॉप, म्हणजे आकाशातून पडणारी सामानाची पेटी, मागवा. गोळ्यांसोबत सप्रेसरही भरून मिळतो. त्याला जीएमपी (गेममधले पैसे) लागतात, पण ते मिशन बिघडण्यापेक्षा स्वस्त पडतात. पेटी ठाण्यापासून लांब, टेकडीच्या आडोशाला टाकायला सांगा, कारण ती आदळल्यावर गार्ड बघायला येऊ शकतात. (पेटी नेमकी गार्डच्या डोक्यावर पाडली तर तो बेशुद्ध होतो. हा डाव दूरच्या, एकट्या चौकीसाठी छान आहे.)

आता हेल्मेट. या गेममधला शत्रू तुमच्याकडून शिकतो. तुम्ही सतत डोक्यावर नेम धरलात की पुढे गार्ड हेल्मेट घालून येतात. रात्रीच शिरत राहिलात की त्यांच्याकडे रात्री दिसणारे गॉगल येतात. गॅस वापरलात की तोंडावर मास्क दिसू लागतात. झोपेच्या डार्टने डोक्यावर मारलं की गार्ड लगेच आडवा होतो, अंगावर मारलं तर वेळ लागतो, म्हणून सगळेच डोक्यावर मारतात. मग हेल्मेट येतात, डार्ट त्यावरून उडतो, आपण घाईने दुसरा-तिसरा मारतो, आणि सप्रेसर तिथेच खलास. तुमची दोन दुखणी अशी एकमेकांत अडकली आहेत.

यातून बाहेर पडण्याचे मार्ग आहेत. हेल्मेट चेहरा झाकत नाही, म्हणून गार्ड तुमच्याकडे वळेल अशी जागा निवडा आणि समोरून चेहऱ्यावर डार्ट मारा. त्याला वळवायला एकही गोळी लागत नाही. रिकामं मॅगझिन फेका. ती कधीच संपत नाहीत, आणि आमच्या मते या गेममधलं सर्वांत दुर्लक्षित हत्यार तेच आहे. शक्य असेल तिथे पाठीमागून जाऊन हाताने पकडा किंवा बंदूक रोखून जमिनीवर झोपायला लावा. यात सप्रेसर झिजत नाही. आणि मदर बेसवरून (गेममधला तुमचा तळ) आपल्या माणसांना लढाऊ मोहिमांवर पाठवत राहा. शत्रूचा हेल्मेटांचा किंवा गॉगलांचा पुरवठा तोडणाऱ्या मोहिमा त्यातच असतात. त्या यशस्वी झाल्या की काही काळ गार्ड पुन्हा उघड्या डोक्याने दिसतात. तुम्ही ठाण्यात असतानाही त्या मागे चालू राहतात, म्हणून मिशन सुरू करण्याआधी एक लावून द्या. रात्रीची सवय मोडायला अधूनमधून दिवसाही शिरा.

प्रश्न : ‘मेटल गिअर सॉलिड ३ : स्नेक ईटर’मध्ये पकडलेलं मांस सडतं. पिशवी भरतो आणि उपाशीच राहतो.
— एक वाचक, अक्कलकोट रोड

मूळ गेम २००४ चा, नवी आवृत्ती २०२५ ची. मारलेल्या प्राण्याचं मांस सडतं, झोपेचा डार्ट मारून जिवंत पकडलेला प्राणी सडत नाही. म्हणजे चाकूने मारलेलं लगेच खाऊन टाका आणि पुढच्यासाठी जिवंत धरलेलं ठेवा. कॅलरीमेट (पौष्टिक बिस्किटं) आणि इन्स्टंट नूडल्स टिकतात. त्या आपल्या कडक भाकरी आणि शेंगाचटणीसारख्या, प्रवासाच्याच वस्तू. बॉसच्या, म्हणजे मोठ्या बलाढ्य शत्रूच्या, लढाईसाठी त्याच राखा. सडलेलंही फेकून देऊ नका. गार्डच्या वाटेवर टाका. भुकेला गार्ड ते उचलून खातो आणि पोट धरून बसतो.

एक गोष्ट पत्रात नव्हती, पण तीच महत्त्वाची आहे. हाताशी लावलेल्या वस्तूंच्या वजनाने स्टॅमिना लवकर उतरतो. पिशवीत बंद ठेवलेल्यांचा तसा भार पडत नाही. आठ शस्त्रं हाताशी लावून जंगल तुडवणारा सारखा भुकेला राहणारच. दोन ठेवा, तिसरं गरज पडेल तेव्हा काढा. सप्रेसर इथेही झिजतो, पण इथे तो शस्त्राच्या मेनूतून काढून ठेवता येतो. आवाजाची पर्वा नसेल तेव्हा काढूनच ठेवा.

प्रश्न : ‘डिसऑनर्ड’ (२०१२) मध्ये एकालाही मारलं नाही, फक्त झोपेचे डार्ट वापरले. तरी शेवटच्या यादीत दोन खून दाखवतो.
— एक वाचक, सात रस्ता

ते दोघे तुम्ही झोपवल्यानंतर मेले असणार. बेशुद्ध माणूस पाण्यात पडला तर बुडतो, उंदरांच्या तावडीत सापडला तर संपतो, उंचावरून घसरला तर पडून मरतो, आणि तिन्ही खून तुमच्या नावावर लागतात. धक्क्याच्या किंवा गच्चीच्या कडेला उभ्या गार्डला डार्ट मारूच नका. झोपवलेल्याला उचलून पिंपामागे किंवा कोरड्या, उंदीर नसलेल्या खोलीत ठेवा. आणखी एक, डार्टचा परिणाम बेसावध माणसावर तात्काळ होतो. तलवार उपसून धावत येणाऱ्यावर काही सेकंद लागतात, जोपर्यंत तुम्ही लढाईत चालणाऱ्या डार्टचं अपग्रेड घेत नाही. घाबरून दोन-तीन डार्ट मारले जातात ते यामुळेच. एक मारा आणि मागे सरका.

निळ्या बाटल्यांची बचत हवी असेल तर ब्लिंक (क्षणात पुढे उडी घेण्याची जादू) एकदा वापरून थोडं थांबा. तेवढी शक्ती आपोआप भरते. लागोपाठ तीन वेळा मारलं की सगळी भरत नाही आणि बाटली उघडावी लागते.

प्रश्न : ‘डेउस एक्स : ह्यूमन रेव्होल्यूशन’ची पिशवी भरली. शस्त्रं टाकवत नाहीत. बॅटरीही सतत रिकामी.
— एक वाचक, होटगी रोड

पिशवी म्हणजे चौकटींची पाटी आहे, आणि लांब शस्त्र आडवं बसत नसेल तर फिरवून उभं बसतं. ट्रंकेत चादरीची घडी फिरवून बसवतो ना, तसंच. पण खरा उपाय कमी शस्त्रं ठेवण्याचा. जे शस्त्र आधीच आहे, त्याचा दुसरा नमुना उचलला की फक्त गोळ्या मिळतात, जागा अडत नाही. कुणालाही न मारता खेळत असाल तर स्टन गन आणि झोपेची रायफल ठेवा. एक मारक शस्त्र मात्र ठेवाच. २०११ च्या मूळ आवृत्तीत बॉसना मारण्यावाचून पर्याय नाही. २०१३ च्या डायरेक्टर्स कटमध्ये त्या लढायांना दुसरे मार्ग दिले गेले, तिथे तुमची निवड.

बॅटरीबद्दल: मूळ आवृत्तीत आपोआप भरतो तो फक्त पहिला सेल (बॅटरीचा कप्पा). बाकीचे एनर्जी बार खाऊनच भरतात. जवळून गार्डला आडवं करायला अख्खा एक सेल जातो. एकाला आडवं करून सावलीत थांबलात, पहिला सेल भरू दिलात आणि मग दुसऱ्याकडे गेलात, तर बार लागतच नाही. बार राखायचा तो दोन गार्ड एकत्र उभे असतील तेव्हासाठी. हॅकिंगमध्ये न्यूक नावाचं सॉफ्टवेअर नोड, म्हणजे जाळ्यातला एकेक टप्पा, पकडताना गाजावाजा करत नाही. ते अवघड नोडवर वापरा, सोप्यावर उधळू नका.

प्रश्न : ‘हिटमॅन’च्या फ्रीलान्सर मोडमध्ये जमवलेलं सामान सारखं जातं. त्यात आमच्याकडे एप्रिल-मेमध्ये दुपारी वीज जाते.
— एक वाचक, पूर्व भाग

जानेवारी २०२३ मध्ये आलेल्या या मोडमध्ये मिशनच्या मध्ये सेव्ह करता येत नाही, आणि मिशन हुकलं की सोबत नेलेलं सामान जातं. म्हणून नेताना एकच प्रश्न विचारा: हे तिथे मिळेल का? पाना, स्क्रूड्रायव्हर, कटावणी नकाशात जागोजाग पडलेली असतात. स्वयंपाकघरात उंदराचं विष सापडतं, आणि ते खाल्लेला माणूस ओकायला एकटा बाजूला जातो. या वस्तू घरून नेण्यात अर्थ नाही. सायलेन्सर असलेलं पिस्तूल आणि लॉकपिक मात्र वेळेवर सापडतीलच असं नाही. ती दोन न्या. महागडी स्नायपर रायफल सेफहाउसच्या (या मोडमधलं तुमचं घर) भिंतीवरच राहू द्या, कारण लांब बंदूक लपत नाही, आणि ती न्यायची तर ब्रीफकेस हवी.

विजेचं सांगतो. हा मोड इंटरनेटशिवाय चालत नाही, त्यामुळे यूपीएसवर फक्त कॉम्प्युटर लावून भागणार नाही, राउटरही त्यावर हवा. ६०० व्हीएचा साधा यूपीएस गेम चालू असताना काही मिनिटंच तग धरतो. लाइट गेली आणि सगळी टार्गेट झालेली असतील, तर वरकमाईची कामं सोडा आणि सर्वांत जवळचा एक्झिट गाठा. टार्गेट बाकी असतील तर मिशन गेलं असं धरून चला. म्हणून दुपारच्या वेळी फ्रीलान्सरऐवजी साधी मिशन खेळा, तीही प्रोफेशनल पातळीवर. मास्टर या त्याहून अवघड पातळीवर एका मिशनला एकच सेव्ह मिळते. फ्रीलान्सर रात्री, पंखे शांत चालू लागल्यावर काढा.